स्टोन माउंटन : स्मारक, सहलीचे ठिकाण आणि न संपलेला वाद (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

अटलांटा परिसरातल्या मराठी घरात भारतातून आई-वडील आले की पहिल्या काही आठवड्यांत स्टोन माउंटनची फेरी बहुधा ठरलेलीच असते. केबल कारमधून माथ्यावर जायचे, हिरवळीवर बसून डबा खायचा, जमल्यास रात्रीचा कार्यक्रम पाहायचा. घरी परतल्यावर मात्र कोणी ना कोणी विचारतेच की, डोंगरावर कोरलेले ते तिघे कोण? उत्तर ऐकले की पुढचे प्रश्न सुरू होतात. गेल्या काही वर्षांत नातेवाइकांनी, मित्रांनी आणि नव्याने राहायला आलेल्या कुटुंबांनी जे प्रश्न पुन्हा पुन्हा पाठवले, ते येथे एकत्र केले आहेत. एकाच गोष्टीची पुनरुक्ती टाळण्यासाठी आवश्यक तेथे दुसऱ्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. स्टोन माउंटन नेमके कोठे आहे आणि ते कोणाच्या मालकीचे आहे?

अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यातील डीकॅल्ब काउंटीमध्ये, अटलांटा शहराच्या मध्यापासून पूर्वेला सुमारे २५ किलोमीटरवर हा एकसंध कातळाचा डोंगर आहे. समुद्रसपाटीपासून त्याची उंची ५१४ मीटर असून आजूबाजूच्या जमिनीपासून तो साधारण २५० मीटर उंच उठलेला आहे. भोवतालच्या उद्यानाचे क्षेत्र सुमारे ३,२०० एकर आहे. ही जागा जॉर्जिया राज्याच्या मालकीची असली, तरी तिचा कारभार राज्याच्या उद्यान खात्याकडे नाही. तो १९५८ मध्ये कायद्याने स्थापन झालेल्या ‘स्टोन माउंटन मेमोरियल असोसिएशन’ या स्वतंत्र संस्थेकडे आहे. खेळ, गाडी, खाद्यगृहे आदी आकर्षणे १९९८ पासून खासगी कंपनी चालवते. २०२२ मध्ये ही कंपनी बदलली. संस्थेच्या नावातला ‘स्मारक’ हा शब्द लक्षात ठेवावा, कारण पुढच्या बहुतेक वादांचे मूळ त्या शब्दात आहे.

२. डोंगरावर कोरलेले तीन घोडेस्वार कोण आहेत?

१८६१ मध्ये अमेरिकेतून फुटून निघालेल्या दक्षिणेकडील राज्यांच्या संघाचे, म्हणजे कॉन्फेडरसीचे, ते नेते आहेत : अध्यक्ष जेफरसन डेव्हिस, सेनापती रॉबर्ट ई. ली आणि जनरल थॉमस ‘स्टोनवॉल’ जॅक्सन. शिल्पाची रुंदी सुमारे ५८ मीटर आणि उंची २७ मीटर आहे. आकाराने हे जगातले सर्वांत मोठे उठावशिल्प मानले जाते.

या तिघांपैकी एकही जॉर्जियाचा नव्हता. डेव्हिस केंटकीत जन्मला आणि मिसिसिपीत वाढला, तर ली आणि जॅक्सन व्हर्जिनियाचे होते. या डोंगरावर कोणतीही प्रसिद्ध लढाईही झालेली नाही. १८६४ च्या उन्हाळ्यात अटलांटाच्या मोहिमेत उत्तरेच्या सैन्याने जवळच्या रेल्वेमार्गाचे रूळ उखडले, एवढाच या परिसराचा उत्तर आणि दक्षिण यांच्यातल्या त्या यादवी युद्धाशी थेट संबंध सांगता येतो.

३. म्हणजे हे शिल्प यादवी युद्धाच्या काळातले नाही का?

नाही. बहुसंख्य पाहुण्यांचा गैरसमज होतो तो नेमका येथेच. कातळात कोरलेली गोष्ट दिसली की ती जुनी असणार, असे आपण सहज धरून चालतो. यादवी युद्ध १८६५ मध्ये संपले आणि हे शिल्प पूर्ण झाले १९७२ मध्ये. माणूस चंद्रावर उतरून आला, त्यानंतरही येथे कोरीव काम चालूच होते. म्हणून या शिल्पाकडे १८६१ ते १८६५ या काळाचा अवशेष म्हणून पाहण्यापेक्षा १९१५ ते १९७२ या काळातल्या माणसांनी काय लक्षात ठेवायचे ठरवले, याचा पुरावा म्हणून पाहणे अधिक योग्य आहे.

४. शिल्पाची कल्पना कोणाची होती, आणि ती १९१५ च्या सुमारासच का पुढे आली?

कॉन्फेडरेट सैनिकांच्या मुली-नातींनी चालवलेल्या ‘युनायटेड डॉटर्स ऑफ द कॉन्फेडरसी’ या संघटनेतील हेलन प्लेन या वृद्ध महिलेने हा विचार नेटाने पुढे रेटला. त्यांचे पती युद्धात मारले गेले होते. युद्धाला पन्नास वर्षे होत आली होती आणि ते पाहिलेली पिढी मावळत होती. दक्षिणेचा लढा उदात्त होता, गुलामगिरी हे त्याचे खरे कारण नव्हते, अशी मांडणी शाळांतून, स्मारकांतून आणि समारंभांतून रुजवण्याचा हा काळ होता.

मात्र त्याच वर्षी त्याच परिसरात आणखी काय घडले, हे वगळून या प्रश्नाचे उत्तर पूर्ण होत नाही. ऑगस्ट १९१५ मध्ये लिओ फ्रँक या ज्यू कारखाना-व्यवस्थापकाला जमावाने तुरुंगातून पळवून अटलांटाजवळच्या मॅरिएटा येथे फासावर लटकवले. त्यानंतर २५ नोव्हेंबर १९१५ च्या रात्री विल्यम सिमन्स नावाचा माणूस मूठभर साथीदारांसह स्टोन माउंटनच्या माथ्यावर चढला, तेथे त्याने लाकडी क्रूस पेटवला आणि जवळपास चार दशके निष्प्राण झालेल्या ‘कू क्लक्स क्लॅन’ या गोऱ्यांच्या दहशतवादी संघटनेचे पुनरुज्जीवन जाहीर केले. पुढच्या दहा वर्षांत या दुसऱ्या क्लॅनचे सभासद लाखांच्या घरात गेले.

डोंगर तेव्हा वेनेबल कुटुंबाच्या मालकीचा होता. तेथे त्यांच्या दगडाच्या खाणी होत्या. मालक सॅम्युएल वेनेबलचे क्लॅनशी निकटचे संबंध होते. १९१६ मध्ये त्याने डोंगराची उभी बाजू शिल्पासाठी बारा वर्षांच्या मुदतीने लिहून दिली. शिल्पात क्लॅनच्या स्वारांनाही स्थान द्यावे, अशी सूचना हेलन प्लेन यांनी शिल्पकाराला पत्राने केली होती. ती प्रत्यक्षात आली नाही, परंतु स्मारक आणि क्लॅन यांचा संबंध टीकाकारांनी मागाहून चिकटवला, असे ज्यांना वाटते त्यांनी हे पत्र जरूर विचारात घ्यावे.

५. पहिला शिल्पकार माउंट रशमोरचाच (जेथे चार अमेरिकन अध्यक्षांचे चेहरे डोंगरात कोरले आहेत) ना? त्याचे काम आज दिसते का?

होय, तोच गट्झन बोरग्लम. आणि नाही, त्याचे काहीही आज दिसत नाही.

त्याची मूळ योजना प्रचंड होती. मुख्य आकृत्यांच्या मागे सैन्याची लांबच लांब रांग डोंगरावरून जाताना दाखवायची होती. एवढ्या मोठ्या कातळावर रेखाटन करायचे कसे, हा प्रश्न त्याने एक अजस्र प्रक्षेपक दिवा बनवून सोडवला. रात्री डोंगरावर चित्राचा प्रकाश टाकायचा आणि त्याच्या रेषा रंगाने गिरवायच्या, अशी त्याची पद्धत होती. कोरीव काम जून १९२३ मध्ये सुरू झाले आणि लीच्या जन्मदिनी, १९ जानेवारी १९२४ रोजी, त्याच्या मस्तकाचे अनावरण झाले. निधीसाठी केंद्र सरकारने १९२५ मध्ये अर्ध्या डॉलरचे खास नाणेही पाडले.

त्याच वर्षी पैसा आणि अधिकार यांवरून बोरग्लम आणि आयोजक यांच्यात टोकाचे भांडण झाले. त्याला काढून टाकण्यात आले. त्याने आपल्या प्रतिकृती फोडल्या आणि अटक टाळण्यासाठी तो राज्याबाहेर निघून गेला. त्याच्या जागी आलेल्या ऑगस्टस ल्यूकमनने बोरग्लमने कोरलेले लीचे मस्तक सुरुंग लावून उडवले आणि नव्या आराखड्यानुसार काम आरंभले. १९२८ मध्ये बारा वर्षांची मुदत संपली, निधीही आटला आणि वेनेबल कुटुंबाने जागा परत घेतली. त्यानंतर छत्तीस वर्षे डोंगरावर अर्धवट शिल्प तसेच होते.

६. एवढी वर्षे पडून राहिलेला डोंगर राज्य सरकारने १९५८ मध्ये अचानक का विकत घेतला?

मे १९५४ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ‘ब्राऊन विरुद्ध बोर्ड ऑफ एज्युकेशन’ या खटल्यात गोऱ्या आणि कृष्णवर्णीय मुलांसाठी वेगळ्या शाळा ठेवणे घटनाबाह्य ठरवले. त्याच वर्षी मार्विन ग्रिफिन हे जॉर्जियाच्या राज्यपालपदाची निवडणूक लढवत होते. शाळा वेगळ्याच ठेवू, हे त्यांच्या प्रचाराचे मुख्य सूत्र होते आणि स्टोन माउंटन राज्यासाठी विकत घेऊन स्मारक पूर्ण करू, हे त्यांचे एक आश्वासन होते. ते निवडून आले. १९५६ मध्ये जॉर्जियाच्या विधिमंडळाने राज्याच्या ध्वजात कॉन्फेडरेट युद्धध्वजाचे चिन्ह समाविष्ट केले आणि १९५८ मध्ये दहा लाखांहून अधिक डॉलर मोजून डोंगर व भोवतालची जमीन ताब्यात घेतली. या तीन घटना सलग मांडल्या की, हा केवळ अर्धवट राहिलेली कलाकृती पूर्ण करण्याचा ध्यास होता, असे म्हणणे कठीण होते. केंद्राचे न्यायालय एक सांगत असताना राज्य सरकार आपली निष्ठा कोणाशी आहे, हे दगडात लिहून ठेवत होते, असे माझे स्पष्ट मत आहे.

याच व्यवहाराचा दुसरा परिणाम असा की, क्लॅनला १९२३ पासून वेनेबल कुटुंबाने दिलेला डोंगरावर सभा घेण्याचा हक्क राज्याच्या मालकीमुळे संपुष्टात आला. क्लॅनचे मेळावे मात्र थांबले नाहीत. जेम्स वेनेबल या क्लॅन-नेत्याच्या खासगी जमिनीवर ते पुढेही अनेक वर्षे भरत राहिले.

७. शिल्प छिन्नी-हातोड्याने कोरले आहे का?

उरलेले काम १९६४ मध्ये वॉकर हॅन्कॉक या शिल्पकाराच्या देखरेखीखाली पुन्हा सुरू झाले आणि त्यात प्रामुख्याने अतितप्त ज्वालेच्या झोताची यंत्रे वापरली गेली. उष्णतेने दगडाचे पापुद्रे सुटून पडत. रॉय फॉकनर हा मुख्य कारागीर वर्षानुवर्षे कड्यावर टांगलेल्या मचाणावर उभा राहून हे काम करत होता. समर्पण सोहळा ९ मे १९७० रोजी अमेरिकेचे उपाध्यक्ष स्पायरो अ‍ॅग्न्यू यांच्या उपस्थितीत झाला, तर शेवटचा हात १९७२ मध्ये फिरला. कौशल्य म्हणून हे काम असामान्य आहे, आणि तसे मान्य केल्याने इतिहासाविषयीचे मत सौम्य करावे लागत नाही.

८. स्मारकाचे सहलीचे उद्यान कसे झाले?

दोन्ही गोष्टी १९५८ च्या कायद्यातच एकत्र होत्या. संस्थेने कॉन्फेडरसीचे स्मारक जतन करावे आणि जनतेच्या करमणुकीची सोयही करावी, असे तिला सांगण्यात आले. दैनंदिन खर्च संस्थेने स्वतःच्या उत्पन्नातून भागवायचा होता. त्यामुळे तळे, डोंगराला वळसा घालणारी आगगाडी, केबल कार, गोल्फ, तंबूंची जागा अशी आकर्षणे वाढत गेली. उद्यान १४ एप्रिल १९६५ रोजी औपचारिकपणे खुले झाले. अब्राहम लिंकन यांच्यावर गोळी झाडली गेली त्या घटनेला त्या दिवशी बरोबर शंभर वर्षे पूर्ण होत होती.

जॉर्जियाच्या निरनिराळ्या भागांतून जुनी घरे उचलून आणून येथे एक ‘प्लँटेशन’ही रचण्यात आले, म्हणजे गुलामांच्या श्रमावर चालणाऱ्या मळ्याचे देखणे प्रदर्शन. आज त्या भागाला ‘हिस्टॉरिक स्क्वेअर’ म्हणतात. १९८३ पासून उन्हाळी रात्री शिल्पावरच लेझरचा कार्यक्रम होऊ लागला आणि १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकमधील टेनिस, तिरंदाजी आणि बंदिस्त मार्गावरील सायकल शर्यती येथेच झाल्या. मुले हिरवळीवर खेळत असताना डोंगराकडे पाहून कोणी प्रश्न विचारत नाही. स्मारकाला या करमणुकीने जेवढे निर्धोक केले, तेवढे कोणत्याही भाषणाने केले नसते, असे मला येथे इतकी वर्षे येऊन वाटते.

९. लेझरच्या कार्यक्रमात आक्षेपार्ह काय होते?

अनेक वर्षे या कार्यक्रमात प्रकाशाच्या रेषांनी रेखाटलेले तिन्ही घोडेस्वार जिवंत होऊन दौडू लागत आणि दक्षिणेच्या जुन्या गाण्यांच्या सुरावर प्रेक्षक टाळ्या वाजवत. ज्यांचे पूर्वज गुलाम होते, अशी कुटुंबेही त्या प्रेक्षकांत बसलेली असत. कार्यक्रमाचे स्वरूप मागाहून बरेच बदलले असून अलीकडे त्यात ड्रोनचाही वापर होतो.

१०. मार्टिन ल्यूथर किंग यांनी स्टोन माउंटनचे नाव का घेतले?

२८ ऑगस्ट १९६३ च्या वॉशिंग्टनमधील भाषणाच्या अखेरीस स्वातंत्र्याचा घोष कोणकोणत्या डोंगरांवरून घुमावा, हे सांगताना त्यांनी जॉर्जियाच्या स्टोन माउंटनचा उल्लेख केला. ते स्वतः अटलांटाचे होते. क्लॅनचा पुनर्जन्म कोठे झाला आणि राज्याने तो डोंगर कशासाठी विकत घेतला (प्रश्न ४ आणि ६), हे त्यांना आणि त्यांच्या श्रोत्यांना ठाऊक होते. निसर्गरम्य स्थळांच्या यादीतले ते एक नाव नव्हते.

११. “हा वारसा आहे, द्वेष नव्हे,” असे समर्थक म्हणतात. त्यात काही तथ्य नाही का?

या प्रश्नाचे उत्तर देताना दोन गोष्टी वेगळ्या ठेवाव्या लागतात. ज्यांचे पणजोबा त्या युद्धात मेले, त्या कुटुंबांचे दुःख खोटे नाही आणि मृतांचे स्मरण करण्याचा त्यांचा अधिकार कोणी नाकारू नये. परंतु डोंगरावर सामान्य सैनिक नाहीत. तेथे राज्यसत्तेचे तीन नेते आहेत, आणि ती सत्ता कशासाठी उभी राहिली हे तिने स्वतःच लिहून ठेवले आहे. जॉर्जियाने जानेवारी १८६१ मध्ये फुटून निघताना प्रसिद्ध केलेल्या कारणांच्या निवेदनात गुलामगिरीचा प्रश्न अगदी सुरुवातीलाच येतो. कॉन्फेडरसीचा उपाध्यक्ष अलेक्झांडर स्टीफन्स हा तर जॉर्जियाचाच होता. कृष्णवर्णीय माणूस गोऱ्याच्या बरोबरीचा नाही, हाच आपल्या नव्या शासनाचा पाया आहे, असे त्याने मार्च १८६१ मध्ये सव्हाना येथील भाषणात उघडपणे सांगितले.

स्वतः ली यांचे मतही विचारात घेण्यासारखे आहे. गेटिसबर्गच्या रणभूमीवर स्मारके उभारण्याच्या कामी १८६९ मध्ये त्यांना बोलावणे आले, तेव्हा युद्धाच्या जखमा उघड्या ठेवू नयेत, अशा आशयाचे उत्तर देऊन त्यांनी नकार दिला होता.

१२. मग शिल्प काढून का टाकत नाहीत?

कारण कायदा तसे करू देत नाही. २००१ मध्ये राज्याच्या ध्वजावरील कॉन्फेडरेट चिन्ह लहान करताना विधिमंडळात तडजोड झाली आणि स्टोन माउंटनचे शिल्प कधीही बदलू, काढू, झाकू किंवा दृष्टिआड करू नये, असे राज्याच्या कायद्यात लिहिले गेले. वेली वाढू द्याव्यात किंवा पडदा टाकावा, अशा सूचना अधूनमधून येतात, पण कायद्याच्या शब्दांत त्यांनाही जागा नाही. २०१९ मध्ये राज्यातील स्मारकांना एकंदरीतच आणखी कडक संरक्षण देण्यात आले. चार्ल्सटन येथील चर्चमध्ये गोऱ्या वर्चस्ववाद्याने केलेल्या कृष्णवर्णीयांच्या हत्याकांडानंतर २०१५ मध्ये आणि शार्लट्सव्हिलमधील गोऱ्या वर्चस्ववाद्यांच्या मेळाव्यातील हिंसाचारानंतर २०१७ मध्ये शिल्प हटवण्याची मागणी जोरात झाली. २०१७ मध्ये ती करणाऱ्यांत तेव्हा राज्यपालपदाच्या उमेदवार असलेल्या स्टेसी एब्रम्स होत्या. विधिमंडळाने कायदा बदलल्याशिवाय उद्यानाच्या संस्थेला स्वतःहून शिल्पाला हात लावता येत नाही.

१३. कायदा इतका कडक असताना २०२१ मध्ये झेंडे कसे हलवले?

संरक्षणाची सर्वांत कठोर भाषा शिल्पासाठी आहे. डोंगर चढण्याच्या पायवाटेच्या सुरुवातीला असलेले कॉन्फेडरेट झेंडे नष्ट केले गेले नाहीत, तर उद्यानातच कमी वर्दळीच्या दुसऱ्या जागी नेण्यात आले. मे २०२१ मधील त्याच बैठकीत संस्थेच्या बोधचिन्हातून शिल्पाचे चित्र काढण्याचा आणि डोंगराचा संपूर्ण इतिहास सांगणारे प्रदर्शन उभारण्याचा निर्णय झाला. रेव्हरंड अब्राहम मोझली हे त्या वेळी नुकतेच संस्थेचे पहिले कृष्णवर्णीय अध्यक्ष झाले होते. शिल्प हटवू इच्छिणाऱ्यांना हे बदल वरवरचे वाटले आणि समर्थकांना ते कायद्याचा भंग वाटले.

१४. त्या प्रदर्शनाचे पुढे काय झाले?

राज्याच्या विधिमंडळाने २०२३ मध्ये प्रदर्शन आणि उद्यानातील मेमोरियल हॉल या इमारतीच्या नूतनीकरणासाठी १ कोटी १० लाख डॉलर मंजूर केले. गुलामगिरी, क्लॅन आणि वंशभेद यांच्या संदर्भात स्मारकाची कथा सांगण्याची योजना आहे. जुलै २०२५ मध्ये ‘सन्स ऑफ कॉन्फेडरेट व्हेटरन्स’ या कॉन्फेडरेट सैनिकांच्या वंशजांच्या संघटनेच्या जॉर्जिया शाखेने तिला न्यायालयात आव्हान दिले. कॉन्फेडरसीचे स्मारक जतन करणे हा संस्थेचा कायदेशीर हेतू असून हे प्रदर्शन त्याच्या विरोधात जाते, असा त्यांचा युक्तिवाद आहे. १९५८ च्या कायद्याचा जो शब्द प्रश्न १ मध्ये लक्षात ठेवायला सांगितला, तोच येथे पुन्हा समोर येतो.

१५. आई-वडिलांना घेऊन जाणे सुरक्षित आहे का?

एरवीच्या दिवशी होय. पहाटे डोंगर चढणाऱ्यांत आणि संध्याकाळी तळ्याकाठी बसलेल्यांत सर्व वंशांचे लोक असतात. आजूबाजूच्या वस्तीत कृष्णवर्णीयांचे बहुमत आहे. तणावाचे प्रसंग मोजके असले, तरी ते घडले आहेत. एप्रिल २०१६ मध्ये गोऱ्या वर्चस्ववाद्यांचा मेळावा आणि त्याला मोठा विरोध झाला. फेब्रुवारी २०१९ मध्ये आणि ऑगस्ट २०२० मध्ये अशाच मेळाव्यांच्या शक्यतेमुळे उद्यान बंद ठेवावे लागले. निदर्शनांची बातमी असेल, तर त्या दिवशी बेत पुढे ढकलावा. पायवाट सुमारे दीड किलोमीटरची आहे, पण शेवटचा टप्पा उभा आणि पावसात निसरडा असतो. गुडघेदुखी असलेल्यांनी केबल कारनेच जावे.

१६. शिल्पाच्या आधी हा डोंगर कोणाचा होता?

मस्कोगी म्हणजेच क्रीक लोकांचा. त्यांच्या वाटा या डोंगरापाशी येऊन मिळत. १८२१ च्या करारानंतर हा प्रदेश त्यांच्या हातून गेला. त्यानंतर खाणी आल्या. वेनेबल बंधूंनी १८८७ मध्ये डोंगर घेतल्यावर येथील दगड दूरवर जाऊ लागला.

१७. या परिसरात कृष्णवर्णीयांच्या इतिहासाची काही खूण आहे का?

उद्यानाला लागून असलेल्या स्टोन माउंटन गावात यादवी युद्धानंतर मुक्त झालेल्या लोकांनी वसवलेली शर्मनटाउन ही वस्ती आहे. उत्तरेचा सेनापती शर्मन याचे नाव तिला दिलेले आहे. तिथल्या कित्येकांनी खाणीत काम केले. याच गावाने १९९७ मध्ये चक बरिस यांना पहिले कृष्णवर्णीय महापौर म्हणून निवडले. ज्या घरात पूर्वी जेम्स वेनेबल राहत असे (प्रश्न ६), त्याच घरात बरिस राहत होते.

उद्यानाच्या आतली खूण बहुतेकांच्या नजरेतून सुटते. तळ्यातील लहान बेटाकडे नेणारा एक लाकडी, छप्पर असलेला पूल आहे. तो १८९१ मध्ये जॉर्जियातीलच अथेन्स या शहरात वॉशिंग्टन किंग या कृष्णवर्णीय पूल-बांधकाम करणाऱ्याने उभारला होता आणि १९६५ मध्ये येथे आणला गेला. वॉशिंग्टनचे वडील होरेस किंग गुलाम म्हणून जन्मले आणि पुढे दक्षिणेतील नामांकित पूल-बांधणीकार झाले. गाडी उभी करून पाच मिनिटे चालले की पुलाच्या जाळीदार लाकडी भिंती हाताने चाचपून पाहता येतात. पाहुण्यांना घेऊन जाल तेव्हा आधी तेथे थांबावे आणि मग डोंगराकडे वळावे.